‘जैसे थे’ : अमानत की अडवणूक?

पहिले पान बातमीचे आणि अग्रलेखाची जागा आतली, हा संकेत आम्ही सहसा मोडीत नाही. परंतु काही विषय असे असतात की ते बातमी म्हणून कधीच छापले जात नाहीत. ते एका दिवशी घडून संपत नाहीत. वर्षानुवर्षे घडत राहतात, आणि म्हणूनच कोणाच्या डोळ्यांत भरत नाहीत. वादात सापडलेली मिळकत दाव्याचा निकाल लागेपर्यंत आहे त्या स्थितीत राखण्याचा जो हुकूम दिवाणी न्यायालये देतात, आणि ज्याला कोर्टाच्या आवारात बसलेला निरक्षर पक्षकारही ‘जैसे थे’ या नावाने ओळखतो, तो विषय या जातीचा आहे.

आज त्याला पहिले पान देण्याचे कारण हंगामाचे आहे. उन्हाळ्याची सुटी संपवून न्यायालये उघडतात आणि त्याच सुमारास मृगाची पेरणी तोंडाशी येते, हा योग आपल्या परभणी जिल्ह्यात दरसाल जुळतो. वखरपाळी झालेली असते, बी-बियाणे घरात येऊन पडलेले असते, आणि नेमक्या त्याच आठवड्यात बांधावर कोणीतरी न्यायालयाचा कागद घेऊन उभा राहतो. कधी तो कागद न्यायाचा असतो. नांगर घेऊन आलेल्या धटिंगणापासून खऱ्या वहिवाटदाराचे तो रक्षण करतो. कधी तोच कागद अडवणुकीचा असतो. ज्याचा हक्क नाही त्याने हक्कदाराची पेरणी बुडविण्यासाठी मिळविलेला असतो. कागद एकच, शिक्का एकच. कोणता कागद कोणत्या प्रकारचा, हे ठरावयास मात्र दहा-दहा हंगाम निघून जातात. आमची तक्रार या विलंबाविषयी आहे; हुकुमाविषयी नाही, हे आरंभीच सांगून टाकतो.

महाराष्ट्रातील दिवाणी न्यायालयांत ‘निशाणी ५’ हा शब्द वकील आणि पक्षकार यांच्या तोंडी सारखा खेळतो. दाव्यातील कागदांना निशाणी क्रमांक देण्याच्या प्रघातात तूर्तातूर्त मनाईच्या अर्जाला पाचवा क्रमांक मिळत आला, आणि तोच त्याचे नाव होऊन बसला. ‘दाव्याचे काय झाले?’ असे आता कोणी विचारीत नाही; ‘निशाणी पाचचे काय झाले?’ असे विचारतो. या एका प्रश्नात आजच्या दिवाणी न्यायाची सारी व्यथा साठलेली आहे. जो अर्ज दाव्याच्या वाटेवरचा पहिला मुक्काम असावयाचा, तोच दाव्याचे अंतिम स्थानक बनला आहे.

वास्तविक कायद्याची मूळ कल्पना अत्यंत शहाणपणाची आहे. दोन पक्ष एका वस्तूसाठी न्यायासनापुढे उभे राहिले असता ती वस्तूच नाहीशी झाली, तर निकाल कोणत्या वस्तूविषयी द्यावयाचा? झाड तोडले गेले, वाडा पाडला गेला, जमीन तिऱ्हाइताला विकली गेली, उभे पीक कापून नेले, म्हणजे पुढे मिळणारा हुकूमनामा हा भिंतीला टांगण्याचा कागद ठरतो. म्हणून १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३९ व्या आदेशाने न्यायालयाला असा अधिकार दिला आहे की, वादातील मिळकतीची नासाडी, हानी किंवा विक्री होण्याचे भय असेल, अथवा प्रतिवादी वादीचा ताबा हिसकावून घेऊ पाहत असेल, तर निकाल लागेपर्यंत त्याला रोखून धरावे. त्याच आदेशात मिळकतीची पाहणी करण्याची, ती जतन करण्याची आणि नाशवंत माल विकून पैसा जपून ठेवण्याची तरतूद आहे. चाळिसाव्या आदेशाने रिसीव्हर, म्हणजे दोन्ही पक्षांबाहेरचा सांभाळकर्ता, नेमता येतो. अर्जदाराने तीन गोष्टी दाखवाव्या लागतात : प्रथमदर्शनी त्याची बाजू सबळ आहे, हुकूम न मिळाल्यास त्याची होणारी गैरसोय प्रतिपक्षाच्या गैरसोयीहून अधिक आहे, आणि होणारे नुकसान पैशाने भरून निघणारे नाही. यांपैकी एकही कसोटी गैरवाजवी आहे असे कोण म्हणेल?

ही कल्पना इंग्रजांनी आणली असे समजण्याचेही कारण नाही. नारदस्मृतीत ‘आसेध’ या नावाने प्रतिपक्षाला रोखून धरण्याचा विचार आला आहे. एखाद्या स्थळापासून, ठराविक काळापर्यंत, प्रवासापासून किंवा एखाद्या कृत्यापासून रोखणे, असे त्याचे चार प्रकार स्मृतिकाराने मानले. पण आम्हांला अधिक मोलाचे वाटते ते त्याने घातलेले बंधन. कोणाला रोखू नये याची एक यादीच त्याने दिली आहे, आणि तीत गुरे चारणाऱ्या गोपाळाबरोबर पेरणीत गुंतलेल्या शेतकऱ्याचा समावेश आहे. अयोग्य रीतीने रोखणाराही दंडास पात्र ठरतो असे स्मृती म्हणते. तेथे प्रश्न माणसाला रोखण्याचा होता, जमिनीला नव्हे, हा भेद आम्ही जाणतो. तरीही वाद कितीही खरा असला तरी पेरणीचा काळ वादासाठी थांबत नाही, एवढे भान त्या प्राचीन लेखकाला होते. आणि ते आपल्या आजच्या व्यवहारात उरले आहे काय, हा प्रश्न त्यामुळे टळत नाही.

मराठेशाहीतही वतनाचा तंटा उभा राहिला म्हणजे निवाडा होईपर्यंत ते वतन अमानत ठेवण्याची रीत होती. हा ‘अमानत’ शब्द आम्हांला फार आवडतो. अमानत म्हणजे विश्वासाने सोपविलेली ठेव. जो ठेव सांभाळतो तो तिचा मालक होत नाही. आणि ती कुजवून, गंजवून परत करण्याचाही त्याला अधिकार नसतो. ‘जैसे थे’चा हुकूम म्हणजे न्यायालयाने स्वतःच्या हाती घेतलेली अमानत होय. या एका कसोटीवर आजची परिस्थिती तपासून पाहावी, एवढीच आमची अपेक्षा आहे.

आपल्या मराठवाड्यात हा प्रश्न अधिक बिकट होण्यास इतिहास कारण आहे. हा मुलूख निजामी राज्यात होता. भारताची दिवाणी प्रक्रिया संहिता येथे लागू झाली ती १ एप्रिल १९५१ पासून. १९५० चा हैदराबाद कूळकायदा, पुढे इनाम नष्ट करणारा कायदा, १९५६ मध्ये मुंबई राज्यात विलीनीकरण, १९६६ चा महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, अशी कायद्यांची एकावर एक पुटे येथील प्रत्येक गटावर चढलेली आहेत. त्यामुळे एखाद्या जुन्या शेताचा वाद निघाला की खासरा पत्रक, सेतवार, उर्दू दस्त, इनाम असल्यास मुंतखब, कूळ असल्यास संरक्षित कुळाची नोंद, आणि शेवटी सातबारा, असा कागदांचा डोंगर उभा राहतो. त्यांतील प्रत्येक कागद काही सांगतो, आणि एकही कागद सर्व सांगत नाही. सातबाऱ्यावरील नोंद खरी मानून चालावे असे महसूल कायदा म्हणतो. पण तेच गृहीत पुराव्याने खोडता येते, आणि फेरफाराने मालकी निर्माण होत नाही हे न्यायालयांनी कितीदा तरी सांगितले आहे. अशा स्थितीत पहिल्या सुनावणीच्या दिवशी, एका बाजूचे शपथपत्र आणि एक उतारा एवढ्या सामग्रीवर न्यायाधीशाला ठरवावयाचे असते की ताबा कोणाचा. न्यायाधीशाच्या अडचणीची आम्हांला पूर्ण जाणीव आहे.

परंतु त्या अडचणीतून जी पळवाट निघाली तीच आज रोगाचे मूळ झाली आहे. ‘उभय पक्षांनी स्थिती जैसे थे ठेवावी’ असा एका ओळीचा हुकूम होतो. स्थिती कोणती, हे त्या ओळीत नसते. दुधनेच्या काठी चार एकरांचा एक तुकडा आहे अशी कल्पना करा. थोरला म्हणतो, मी कसतो. धाकटा म्हणतो, मी कसतो. दोघेही ‘जैसे थे’चा कागद घेऊन घरी जातात, आणि दोघेही मनापासून समजतात की न्यायालयाने आपला ताबा राखला. पहिला पाऊस पडताच दोघेही तिफण घेऊन शेतात उतरतात. डोकी फुटतात. पोलीस म्हणतात, ही दिवाणी बाब आहे. दिवाणी न्यायालय म्हणते, पुढील तारखेस या. शेवटी दोघेही थकतात आणि शेत पडीक राहते. हराळी आणि कुंदा यांचे राज्य त्या शेतावर सुरू होते. जे राखावयाचे तेच हुकमाच्या छत्राखाली नष्ट होते. शांतता राखली गेली असे मात्र कागदोपत्री दिसते.

शहरात राहणाऱ्या आमच्या वाचकाला हे खेड्यातले भांडण वाटेल तर ती चूक होईल. नोकरीनिमित्त गाव सोडलेल्या कितीतरी कुटुंबांचा वडिलोपार्जित वाडा अशाच हुकमाखाली उभा आहे. छपराची कौले सरकली तरी दुरुस्तीसाठी परवानगी मागावी लागते. ती मिळेपर्यंत मातीची भिंत पावसाची वाट पाहत थांबत नाही. आयुष्याची पुंजी घालून घेतलेल्या भूखंडावर घराचा पाया खणला, आणि दुसऱ्याच दिवशी कोण कुठला दूरचा वारस मनाई घेऊन आला, ही कथाही शहराच्या प्रत्येक वसाहतीत ऐकू येते. अशा वारसाचा दावा क्वचित खराही असतो. परंतु पुष्कळदा त्याला जमीन नको असते, तडजोडीची रक्कम हवी असते. आणि कंटाळलेला घरमालक ती देतो. ‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आपल्या भाषेत रुळली ती उगीच नव्हे. ज्या समाजातील शहाणी माणसे न्यायालयाला भितात आणि लबाड माणसे त्याचा आश्रय घेतात, त्या समाजाने स्वस्थ बसणे बरे नव्हे.

जतनाच्या नावाखाली वस्तू किती काळ बंदिस्त होऊ शकते याचे एक उदाहरण आपल्या जिल्ह्याच्या जुन्या सीमेपलीकडेच आहे. हिंगोली १९९९ मध्ये परभणीतून वेगळी निघाली. तिच्या शेजारच्या वाशीम जिल्ह्यात शिरपूर येथे अंतरिक्ष पार्श्वनाथाचे प्रसिद्ध जैन मंदिर आहे. दिगंबर आणि श्वेतांबर पंथीयांनी १९०५ मध्ये पूजेच्या वेळा वाटून घेतल्या होत्या. तरी वाद पेटला, १९१० मध्ये दावा झाला आणि तो थेट प्रिव्ही कौन्सिलपर्यंत पोचून १९२९ मध्ये निकालात निघाला. निकाल लागला, वाद उरलाच. १९८१ पासून मंदिराचे दार बंद झाले, ते २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या अंतरिम आदेशानंतर उघडले. बेचाळीस वर्षे! कोणत्या पंथाची बाजू खरी हे सांगण्याचा आमचा अधिकार नाही, आणि ते येथे प्रस्तुतही नाही. परंतु त्या बेचाळीस वर्षांत एक अख्खी पिढी त्या देवाचे मोकळे दर्शन न घेता निघून गेली. ज्या वस्तूसाठी भांडण, तिचा उपभोग कोणालाच नाही, अशा अवस्थेला ‘जतन’ म्हणावे काय? इंग्रजी वाङ्मयाच्या वाचकांना डिकन्सची ‘ब्लीक हाउस’ कादंबरी आठवेल. १८५२-५३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या कथेत पिढ्यान्‌पिढ्या चाललेला मिळकतीचा दावा एके दिवशी अचानक संपतो. निकाल लागून नव्हे, तर सारी मिळकत खर्चात संपली म्हणून. डिकन्सने इंग्लंडची चँसरी रंगविली. पण ते चित्र आपल्या ओळखीचे वाटावे ही आपल्याला लाज आणणारी गोष्ट आहे.

कायद्याने हा रोग ओळखलेला नाही असे मुळीच नाही. १९७६ च्या दुरुस्तीने संहितेत स्पष्ट सांगितले की, प्रतिपक्षाला न ऐकता मनाई द्यावयाची तर न्यायालयाने तशी कारणे नोंदवावीत, आणि तीस दिवसांच्या आत त्या अर्जाचा निकाल लावण्याचा प्रयत्न करावा. न जमल्यास त्याचीही कारणे लिहावीत. खोटे किंवा दिशाभूल करणारे कथन करून एकतर्फी मनाई मिळविली असेल तर ती उठवावी, असेही कायदा म्हणतो. मनाई मोडणाऱ्याची मिळकत जप्त करता येते आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवता येते. अपुऱ्या कारणांवर मनाई मिळविणाऱ्याकडून नुकसानभरपाई देववता येते. पण तिची कमाल मर्यादा पन्नास हजार रुपये! पूर्वी ती हजार रुपये होती, हे खरे. परंतु लाखो रुपये किमतीच्या भूखंडावरील बांधकाम पाच वर्षे अडवून धरणाऱ्याला पन्नास हजारांचे भय ते काय? इंग्लंडच्या न्यायालयांत तात्पुरती मनाई मागणाऱ्याने ‘माझी बाजू खोटी ठरल्यास झालेले नुकसान मी भरून देईन’ अशी हमी आधी द्यावी, असा नियमच रूढ आहे. आपण त्यांच्याकडून मनाई घेतली आणि हमी तेवढी तिकडेच ठेवली!

आपल्या राज्याने तर एके काळी या मार्गात एक धोंड स्वतःच आणून ठेवली होती. १९७७ च्या दुरुस्तीने संहितेत कलम ९-अ घालण्यात आले. मनाईच्या अर्जाच्या सुनावणीत प्रतिपक्षाने न्यायालयाच्या अधिकारक्षेत्राचा आक्षेप काढला, की तो प्रश्न आधी निकालात काढल्याखेरीज मूळ अर्जाला हात लावता येईना. मधल्या काळात अंतरिम हुकूम देण्याची मुभा होती; म्हणजे तात्पुरत्याच्याही आधीचा तात्पुरता! अधिकारक्षेत्राच्या त्या प्रश्नावर पुरावा, मग अपील, मग उच्च न्यायालय, असा प्रवास चालू राही, आणि दावा जागच्या जागी. अखेर २०१८ मध्ये ते कलम रद्द झाले. चार दशकांनी चूक दुरुस्त झाली. तेवढ्यात कित्येक वादी-प्रतिवादी काळाच्या न्यायालयात गेले.

याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने दुसरा एक उपाय योजून पाहिला. स्थगिती सहा महिन्यांनंतर, कारणे नोंदवून वाढविली नाही तर, आपोआप संपेल असे त्याने सांगितले. हा नियम पुष्कळांना रामबाण वाटला. पण २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो मागे घेतला, आणि आमच्या मते योग्यच केले. न्यायालयाला वेळ मिळाला नाही म्हणून ज्याची बाजू खरी त्याचे संरक्षण घड्याळाच्या ठोक्यासरशी काढून घेणे हा न्याय नव्हे. मात्र यातून एक गोष्ट निष्पन्न होते. घड्याळाने होणारी सुटका गेली. आता सुटका व्हावयाची ती न्यायाधीश, वकील आणि पक्षकार यांच्या कर्तव्यबुद्धीनेच.

येथे काहीजण म्हणतील, मग मनाईच दुर्मिळ करावी, देऊच नये. या मताशी आम्ही सर्वथा असहमत आहोत. मनाईचा सर्वांत अधिक आधार कोणाला असतो? दुबळ्याला. महाराष्ट्राने १९९४ मध्ये आणि सबंध देशाने ९ सप्टेंबर २००५ पासून मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाच्या बरोबरीचा हक्क दिला. बाप तेव्हा हयात असो वा नसो, हा हक्क जन्मसिद्ध आहे असे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी निर्णायकपणे सांगितले. पण सासरी नांदणाऱ्या बहिणीने वाटणीचा दावा लावला, ही वार्ता गावात पोचते न पोचते तोच भावाने जमीन विकावयास काढलेली असते. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या ५२ व्या कलमाप्रमाणे दावा चालू असता झालेली विक्री निकालाच्या अधीन राहते, हे खरे. परंतु विक्री रद्द होत नाही. घेणारा ताबा घेतो, विहीर खोदतो, पुढे तिसऱ्याला विकतो, आणि बहिणीला एका भावाऐवजी दहा अनोळखी माणसांशी झगडावे लागते. फरीदकोटच्या एका विश्वस्त निधीच्या प्रकरणात २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते की, भरून न येणाऱ्या नुकसानीची बाब नसेल तर दावा चालू असता मिळकतीचे स्वरूप बदलू देऊ नये, आणि दावा लांबेल एवढे कारण त्यासाठी पुरेसे नाही. त्या बहिणीसाठी, म्हाताऱ्या आईसाठी, अज्ञान वारसासाठी ‘जैसे थे’चा हुकूम ही एकमेव भिंत आहे. ती पाडा असे म्हणणारा धटिंगणाची वाट मोकळी करतो. आमचे म्हणणे एवढेच की, भिंत संरक्षणाची असावी, तुरुंगाची नसावी.

ते कसे साधावे? नव्या कायद्याची फारशी गरज नाही. असलेला कायदा मनापासून पाळला तरी पुष्कळ होईल. पहिली गोष्ट, ‘जैसे थे’ या दोन शब्दांचा एकाकी हुकूम बंद व्हावा. स्थिती काय आहे, ताबा तूर्त कोणाचा मानला, पेरणी कोणी करावी, डागडुजी करता येईल की नाही, विक्री व गहाण यांस बंदी आहे की नाही, हे हुकमात लिहिलेले असावे. ताब्याविषयीच संशय असेल तर कोर्ट कमिशनर नेमून जागेची पाहणी आणि भूमी अभिलेख खात्याकडून मोजणी करून घेण्याची सोय कायद्यात आहे. ती दाव्याच्या आठव्या वर्षी वापरण्यापेक्षा आठव्या आठवड्यात वापरली, तर निम्मे बांधाचे तंटे तेथेच मिटतील.

दुसरी गोष्ट शेतजमिनीची. शेत पडीक ठेवणे म्हणजे ते जतन करणे नव्हे, हे तत्त्व म्हणून स्वीकारले जावे. मनाई देताना हिशेब ठेवण्याची, तारण देण्याची, मुदत घालण्याची अट घालता येते, असे संहितेतच लिहिले आहे. ज्याच्याकडे प्रथमदर्शनी ताबा दिसतो त्याने पेरावे, कापूस, सोयाबीन, तूर जे पिकेल त्याचा हिशेब दरसाल न्यायालयात द्यावा, आणि वाजवी हिस्सा तेथे जमा करावा. दोघांवरही भरवसा नसेल तर रिसीव्हर नेमून जमीन मक्त्याने द्यावी. निकाल लागेल तेव्हा जिंकणाऱ्याला कसदार जमीन आणि साठलेला पैसा मिळेल. अमानत परत करण्याची रीत हीच.

तिसरी गोष्ट, मनाई चालू असलेला दावा सुनावणीच्या यादीत वर यावा. आज नेमके उलट घडते. निशाणी पाचवर ज्याच्या बाजूने हुकूम झाला तो तारखा मागू लागतो. दुसरा त्याविरुद्ध जिल्हा न्यायालयात अपील करतो, तेथून छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठाकडे जातो. आणि मूळ दाव्यात मुद्देदेखील काढलेले नसतात. देशातील जिल्हा व तालुका न्यायालयांत दिवाणी प्रकरणे एक कोटीच्या वर तुंबलेली असता प्रत्येकाला अग्रक्रम देता येणार नाही, हे आम्हांस कळते. परंतु ज्या दाव्यात न्यायालयाने स्वतः एखाद्याचे हात बांधले आहेत, त्याला रांगेत पुढे आणण्याचे नैतिक ओझे न्यायालयावरच आहे. मनाई मिळालेला पक्ष विनाकारण तारीख मागेल तर ती मागणीच मनाई उठविण्याचे कारण मानावी. न्यायाधीशांच्या रिकाम्या जागा भरण्याची जबाबदारी शासनाची आणि उच्च न्यायालयाची आहे; ती त्यांनी टाळू नये.

चौथी गोष्ट पैशाची. पन्नास हजारांची मर्यादा संसदेने काढून टाकावी, आणि प्रत्यक्ष झालेल्या नुकसानीएवढी भरपाई देण्याचा अधिकार न्यायालयाला द्यावा. खोटी मनाई ही स्वस्त वस्तू आहे तोवर तिला गिऱ्हाइकांचा तोटा पडणार नाही.

वकीलवर्गालाही दोन शब्द सांगणे भाग आहे. स्वातंत्र्याच्या आणि हैदराबाद मुक्तीच्या लढ्यात कायदेपंडितांनी मोठी कामगिरी केली. त्यांच्या वारसांनी पक्षकाराला पहिल्याच भेटीत खरे सांगावे. ‘मनाई मिळवून देतो’ एवढेच न सांगता, ‘दावा टिकेल की नाही’ हेही सांगावे. ज्याला एकतर्फी मनाईचे भय असेल त्याला कॅव्हेट दाखल करून नव्वद दिवस आपले म्हणणे ऐकले जाण्याची तरतूद करता येते. ही साधी गोष्टही कित्येक पक्षकारांना वेळेवर कळत नाही. आणि पक्षकारांनी, म्हणजे अखेर आपण सर्वांनी, स्वतःला एक प्रश्न विचारावा. मला जमीन हवी आहे, की भावाला ती मिळू नये एवढेच हवे आहे? दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर ‘होय’ असेल तर कोणतेही न्यायालय आपले समाधान करू शकणार नाही.

न्याय उशिरा मिळणे म्हणजे न मिळणे, हे वाक्य आता झिजून गुळगुळीत झाले आहे. आम्ही ते वेगळ्या रीतीने मांडतो. उशिरा मिळणारा न्याय एक वेळ सोसवेल. पण न्याय येईपर्यंत त्याची वस्तूच मरून गेली, तर तो न्याय कोणाच्या पदरात घालावयाचा? न्यायालयाने वादातले शेत हाती घेतले असेल तर ते शेत म्हणूनच परत करावे, वाडा घेतला असेल तर उभा वाडा परत करावा. यंदाचा पाऊस कोणत्याही दाव्याची तारीख विचारून पडणार नाही. ज्या शेतांवर ‘जैसे थे’चा कागद आहे त्या शेतांतही तो पडेल, तेथे तिफण फिरते की हराळी माजते, यावरून आमच्या न्यायव्यवस्थेची परीक्षा होणार आहे.